लिंबाची पानगळ: खोडाशी सापडलं कारण

परसातल्या कागदी लिंबाची पानं पावसाळा सरताना पिवळी पडून गळायला लागली. शेजाऱ्यांचा सल्ला ठरलेला: नत्र कमी पडलंय, युरिया टाका. पण नत्र कमी असलं की जुनं पान सगळंच फिकट होतं. इथे मधली शीर आधी पिवळी, कडा हिरव्याच. अशा वेळी पानाकडे नाही, बुंध्याकडे बघावं.

माती उकरली तर साल मऊ, डिंक ओघळलेला. डिंक्याच, म्हणजे बुरशीने बुंध्याची साल कुजवणारा रोग! आमची जमीन काळी, भारी. आळ्यातलं पाणी बुंध्याला टेकून राहायचं. कुजकी साल निरोगी भाग लागेपर्यंत खरवडली आणि बोर्डो पेस्ट हे बुरशीनाशक लावलं: १ किलो मोरचूद, १ किलो कळीचा चुना, १० लिटर पाणी. एका झाडाला याचा दहावा हिस्साही रग्गड होतो. भांडं प्लास्टिकचं घ्या, लोखंडी नको. मग दुहेरी आळं केलं: आतलं कोरडं, पाणी फक्त बाहेरच्यात. साचलेल्या पाण्याला चर काढून वाट दिली.

गळ थांबली, पालवी फुटली. तिच्यावर आता नागअळी (पानात नागमोडी रेषा पाडणारी अळी) दिसतेय, म्हणून निंबोळी अर्क फवारतोय. बहारासाठी मुद्दाम पाणी तोडून ताण दिलेल्या झाडाची पानगळ मात्र वेगळी, तिथे औषध नको. पावसाळ्याआधी आणि नंतर पेस्टचा हात फिरवणार आहे.