परग्रहावरचा खार: गोष्टीतल्या स्वयंपाकासाठी खनिज कसं घडवावं

परग्रहावरच्या आचाऱ्याची गोष्ट लिहायला घेतली की बहुतेकांची लेखणी आधी रंगाकडे धावते. अंधारात उजळणारा निळाजांभळा खडा, त्याची किंमत अर्ध्या राज्याएवढी, आणि चिमूटभर टाकला की जेवणाला म्हणे अद्भुत चव येते. वाचकाचं मन इथेच उडतं, कारण त्या खड्यानं पातेल्यात नेमकं काय केलं हे कुणी सांगतच नाही. म्हणून क्रम उलटा धरा: आधी काम, मग रूप, किंमत सगळ्यात शेवटी.

१. काम ठरवा

आपल्याच फडताळात बघा: मीठ, सैंधव, पापडखार, खायचा सोडा, कुठे चुन्याची निवळी, कुठे तुरटी. यातलं काहीही आपण पोटभर खात नाही. ही मंडळी दुसऱ्या पदार्थावर काहीतरी करणी करतात. पेठ्यासाठी कोहळ्याच्या फोडी निवळीत ठेवल्या की पाकात शिजूनही करकरीत राहतात, कारण चुन्यातलं कॅल्शियम फोडीतल्या पेक्टिनला, म्हणजे पेशी एकमेकींना चिकटवणाऱ्या पदार्थाला, धरून ठेवतं. सोड्याचं बरोबर उलट. छोल्यांत चिमूटभर पडला की तेच पेक्टिन सैल होतं आणि दाणे लवकर मऊ पडतात. मेक्सिकोत मका चुन्याच्या पाण्यात उकळतात. त्यानं साल सुटते, पीठ मळता येतं, शिवाय मक्यात अडकून बसलेलं नायसिन हे जीवनसत्त्व शरीराला मिळतं.

तुमच्या खनिजाला असंच एक क्रियापद द्या. घट्ट करतो, सैल करतो, फुगवतो, रंग पालटतो, यांपैकी एकच. तीन-चार दिलीत की तो खार उरत नाही, जादूची कांडी होते.

२. विरघळतो का, ते पाहा

जिभेला चव कळते ती लाळेत विरघळलेल्या गोष्टीची. चांदीचा वर्ख बर्फीवर कितीही झळकला तरी बेचवच. तेव्हा खडा हिऱ्यासारखा कठीण ठरवला असेल, तर आचारी तो कसा ‘उघडतो’ तेही ठरवा: भट्टीत भाजून, चिंचेच्या कोळात मुरवून, की आणखी कसा.

मग पाण्याचं गणित. साधं मीठ 100 मिलिलिटर पाण्यात साधारण 36 ग्रॅम विरघळतं, आणि पाणी उकळतं घेतलं तरी त्यात फारशी भर पडत नाही. तुरटीची गोष्ट वेगळी. ती गरम पाण्यात भरपूर मावते आणि पाणी निवलं की खडे होऊन पुन्हा तळाशी बसते. हा दुसरा स्वभाव कथेसाठी फार कामाचा आहे. राजदूत भाषण लांबवतो, रस्सा निवतो आणि वाटीच्या कडेला खडे धरू लागतात. प्रसंग आयता मिळतो.

३. जास्त झाला तर?

माझ्या मते सगळ्यात महत्त्वाची पायरी हीच, आणि नेमकी हीच वगळली जाते. ज्याचं प्रमाण चुकू शकत नाही, त्या वस्तूला कुशल आचारी लागत नाही. पापडखार नीट पडला तर उडदाचा पापड फुलतो, जास्त पडला तर तोच पापड तांबूस होतो आणि साबणासारखा कडवट लागतो. तुमच्या खाराचीही अशी एक ठरलेली शिक्षा असू द्या.

हळद सोडा किंवा चुन्यासारख्या क्षाराच्या संगतीत लाल होते (साध्या मिठानं नाही). हळदीचं कुंकू याच गुणावर होतं. तेव्हा कुणी गुपचूप घातलेला असा खार पिवळ्याधमक वरणात लगेच पकडला जाईल. ज्याला स्वयंपाकघरातली चोरी रंगवायची आहे त्यानं हा धागा जरूर उचलावा.

४. तो आला कुठून?

इथे कल्पनेला फार ताण द्यायची गरज नाही. मार्च 1998 मध्ये टेक्सासमधल्या मोनाहान्स गावी उल्का पडली. ती फोडल्यावर आत निळेजांभळे मिठाचे स्फटिक निघाले आणि त्यांत पाण्याचे सूक्ष्म थेंब अडकलेले होते. हे मीठ सुमारे 450 कोटी वर्षांपूर्वीचं. बेन्नू या लघुग्रहावरची माती 24 सप्टेंबर 2023 ला पृथ्वीवर आली. 2025 च्या सुरुवातीला जाहीर झालेल्या निष्कर्षांनुसार तिच्यात मिठासोबत ट्रोना हे सोडियम कार्बोनेटाच्या कुळातलं खनिजही आहे, म्हणजे पापडखाराचं जवळचं भावंडच.

दोन्हीकडे कारण एकच: खारं पाणी आटलं आणि खार मागे राहिला. लोणारचं विवर उल्केच्या आघातानं झालं, पण तिथल्या सरोवरातून पूर्वी जो खार काढत तो उल्केतला नव्हे, आटणाऱ्या पाण्यातला. तुमच्या ग्रहालाही असं एखादं आटलेलं तळं द्या.

मोनाहान्सच्या मिठाचा जांभळा रंग किरणोत्साराचा मारा सोसून आलेला आहे, आणि असा रंग चांगला तापवला की उडतो. आता नियम आपोआप ठरतो: हा खार कढईत जायचा नाही, थंड पदार्थावर सगळ्यात शेवटी पडायचा. ज्यानं फोडणीत टाकला त्याच्या हाती साधं मीठ उरलं. किंमत आता तुम्हाला वेगळी सांगावी लागणार नाही.

५. रूप आणि नाव

काळ्या मिठाचा खडा जवळजवळ काळा दिसतो, पण खलबत्त्यात पडला की पूड गुलाबीसर होते आणि उकडलेल्या अंड्याचा वास सुटतो. तुमचाही खडा आणि पूड वेगवेगळी दाखवा, वास विसरू नका. नाव मात्र बाजारातल्या माणसाच्या तोंडी बसेल असं ठेवा. ‘झेनोक्रिस्टलाइट’ मागायला कुणी पिशवी घेऊन जात नाही.

६. ताटात आणायचा असेल तर

मुलांच्या खेळासाठी किंवा गोष्टीच्या वाचनाला खरोखरच हा खार हवा असेल, तर रत्नांच्या दुकानातले खडे ताटाजवळही आणू नका. काहींत तांबं असतं, काहींत शिसं. त्यापेक्षा गोकर्णाची निळी फुलं थोड्याशा गरम पाण्यात घालून दाट अर्क काढा. तो खडेमिठावर थेंबथेंब शिंपडा. जास्त ओतलात तर मीठच विरघळेल. सावलीत पसरून कोरडं होऊ द्या. वाढताना काकडीच्या चकत्यांवर चार खडे ठेवा आणि पाहुण्यांसमोर लिंबू पिळा. निळा रंग जांभळा होत पसरेल. मीठ वेगळं घालू नका, एवढं पुरतं.