सातारच्या पेठा पायी बघायच्या तर

सातारला येणारी बहुतेक माणसं शहरातून नुसती पुढे जातात. कास, ठोसेघर, सज्जनगड ठरलेलं असतं. वाटेत राजवाड्यापाशी गाडी थांबते, कंदी पेढ्यांचा पुडा घेतला जातो आणि गाडी निघते. ज्या गावातून थोरल्या शाहू महाराजांच्या नावाने मराठी राज्याचा कारभार चालला, ते गाव मात्र बघायचं राहून जातं. ते बघायला अर्धा दिवस पुरतो. एक चांगला माहितगार सोबत हवा, पायात घट्ट चप्पल किंवा बूट हवेत आणि वाट वरून खाली अशी धरायला हवी.

वरून खाली का, तर सातारा उतारावर वसलंय. दक्षिणेला अजिंक्यतारा, पश्चिमेला यवतेश्वराचा डोंगर आणि खालच्या अंगाला वेण्णा नदी. राजपथ आणि खालचा रस्ता, म्हणजे कर्मवीर पथ, हे दोन मोठे रस्ते साधारण समांतर, आडवे जातात. त्यांना जोडणारे बोळ वरून खाली उतरतात. नळ घरोघरी येण्याआधी डोंगराकडचं पाणी खापरी नळांतून, याच उताराच्या जोरावर शहरात यायचं आणि हौदांत पडायचं. हौद आणि तळी कुठे आहेत हे ध्यानात आलं की पेठा तिथेच का वसल्या हे वेगळं सांगावं लागत नाही. खालून वर चढत गेलात तर धापही लागते आणि हा धागाही हातात येत नाही.

माहितगार कसा निवडायचा

गाइड दोन प्रकारचे भेटतात. एकाला इतिहास तोंडपाठ असतो, दुसऱ्याला गल्ल्या माहीत असतात. दोन्ही एकाच माणसात मिळालं तर उत्तमच. निवडच करायची वेळ आली तर गल्ल्या माहीत असलेला घ्या. सनावळ्या पुस्तकात सापडतात, पण वाड्याच्या दारात उभं राहून आतल्या आजींना हाक मारणारा माणूस पुस्तकात सापडत नाही.

फोनवर बोलतानाच तीन गोष्टी विचारून बघा. पहिली: सातारचे शाहू महाराज कोणते? हे संभाजी महाराजांचे पुत्र. त्यांचा राज्याभिषेक १२ जानेवारी १७०८ ला सातारला झाला आणि १५ डिसेंबर १७४९ ला ते वारले. कोल्हापूरचे राजर्षी शाहू १८७४ साली जन्मलेले, ते निराळे. इथे जो गोंधळला त्याच्यासोबत फिरायला जाऊ नका. दुसरी: १८३९ साली काय झालं आणि १८४८ साली काय? १८३९ मध्ये इंग्रजांनी प्रतापसिंह महाराजांना गादीवरून काढून काशीला पाठवलं आणि त्यांचे भाऊ शहाजी ऊर्फ आप्पासाहेब यांना बसवलं. १८४८ मध्ये आप्पासाहेब वारले, तेव्हा दत्तक नामंजूर करून डलहौसीने राज्यच खालसा केलं. आज शहरात दिसणाऱ्या जुन्या गोष्टींपैकी पुष्कळशा प्रतापसिंहांच्या काळातल्या आहेत, त्यामुळे हा काळ ठाऊक नसलेला गाइड निम्म्या वाटेवर गप्प होईल. तिसरी गोष्ट साधी आहे: ‘आपण कुठल्या बोळातून जाणार?’ नुसती ठिकाणांची यादी सांगणारा आणि बोळाचं नाव घेऊन सांगणारा, यांतला फरक लगेच कळतो.

पैशाचं बोलणं आधी स्पष्ट करा. ठरलेली रक्कम माणशी आहे की सगळ्या गटाची, किती तासांची, रिक्षाभाडं त्यात धरलंय का, पाऊस आला तर काय. सगळं व्हॉट्सॲपवर लिहून घ्या. चहापाणी, नाश्ता तुमच्याकडे. तो हिशेबात धरायचा नसतो.

गट चार ते सहा जणांचा असावा. आठाच्या वर गेलात की बोळ अडतो, मागच्यांना ऐकू येत नाही, आणि दारात एवढी माणसं बघून घरातली मंडळी आत बोलवायला कचरतात. सोबत म्हातारी माणसं किंवा लहान मुलं असतील तर गाइडला आधीच सांगा, म्हणजे तो पायऱ्यांची वाट टाळेल.

कधी

ऑक्टोबर ते फेब्रुवारी हे दिवस सगळ्यांत चांगले. सकाळी सातला सुरुवात आणि साडेदहापर्यंत शेवट. अकरानंतर मोती चौकात आणि राजपथावर एवढी गर्दी होते की गाइडचं बोलणं हॉर्नमध्ये बुडतं. एप्रिल-मेमध्ये अर्धा तास आधी निघा. पावसाळ्यात फरसबंदीवर आणि तळ्यांच्या पायऱ्यांवर शेवाळ धरतं. तेव्हा फिरायचंच असेल तर पाण्यापर्यंत उतरायचा हट्ट सोडा. एक गोष्ट बाहेरच्यांना ठाऊक नसते: कासच्या फुलांच्या हंगामात, सप्टेंबरच्या आसपास, शनिवार-रविवारी समर्थ मंदिराकडचा रस्ता गाड्यांनी भरतो, कारण कासला आणि सज्जनगडला जाणारी वाहनं तिकडूनच जातात. त्या दिवसांत आलात तर मधला वार धरा.

सोमवारही टाळलेला बरा. एसटी स्टँडजवळचं छत्रपती शिवाजी महाराज संग्रहालय पायपिटीनंतर बघण्यासारखं आहे. २०२४ साली लंडनच्या संग्रहालयातून आलेली वाघनखं इथेच मांडली होती. सरकारी संग्रहालयं सोमवारी बंद असतात.

वाट

सुरुवात चारभिंतीवरून करा. अजिंक्यताऱ्याच्या उतारावरची ही जागा प्रतापसिंहांच्या काळातली. आज ते १८५७ च्या वीरांचं स्मारक आहे. तिथवर रिक्षाने जा आणि भाडं बसण्याआधी ठरवा. इथे वीस मिनिटं द्या. समोर सगळं शहर पसरलेलं दिसतं, डावीकडे यवतेश्वर, उजवीकडे लांब जरंडेश्वराचा डोंगर. गाइडला इथेच दोन कामं सांगा. एक, आज चालायची वाट बोटाने दाखवायला. दोन, किल्ल्याच्या वेढ्याची गोष्ट इथेच सांगून टाकायला, कारण पाठीशी किल्ला उभा असतो. डिसेंबर १६९९ मध्ये औरंगजेब स्वतः वेढा घालून बसला. सुरुंग उडवला तेव्हा तट बाहेरच्या अंगाला ढासळला आणि मोगलांचीच माणसं त्याखाली गाडली गेली. एप्रिल १७०० मध्ये किल्ला पडला आणि त्याचं नाव आझमतारा ठेवलं गेलं. ही गोष्ट खाली राजवाड्यासमोर भर गर्दीत ऐकण्यात काही राम नाही.

तिथून त्याच रिक्षाने समर्थ मंदिर चौकात या आणि रिक्षा सोडा. खरं चालणं इथून. बोळांनी उतरत मंगळवार पेठेत मंगळवार तळ्यावर या. तळ्याच्या काठावर गाइडला एकच विचारा: यात पाणी कुठून येतं आणि जास्तीचं कुठे जातं? उत्तर देताना तो हात वर डोंगराकडे आणि मग खाली करत असेल, तर माणूस बरोबर निवडलाय.

पुढचा टप्पा राजवाडा. जुना आणि नवा राजवाडा, समोर गांधी मैदान, गोल बाग, शेजारच्या गल्ल्या, सगळं पायाखालच्या अंतरात आहे. राजवाडा आतून बघायला मिळेलच असं धरून चालू नका. वास्तू नाजूक झाली आहे. गाइडने आदल्या दिवशी चौकशी केलेली असावी. आत सोडलं नाही तर बाहेरूनच दारं, खिडक्या, लाकूडकाम सावकाश बघा. वीस मिनिटं इथे सहज जातात. राजघराण्यातल्या मंडळींची राहती घरंही शहरात आहेत. ती बघायची ठिकाणं नव्हेत, फाटकाबाहेर घोळका करू नका.

राजवाडा परिसरातलं प्रतापसिंह हायस्कूल मात्र चुकवू नका. ७ नोव्हेंबर १९०० ला डॉ. बाबासाहेब आंबेडकरांचं नाव इथे इंग्रजी पहिलीत घातलं गेलं. रजिस्टरमध्ये नोंद ‘भिवा रामजी आंबेडकर’, क्रमांक १९१४. महाराष्ट्रात ७ नोव्हेंबरला विद्यार्थी दिवस पाळतात तो यामुळे. शाळा भरलेली असेल तर मुख्याध्यापकांची परवानगी लागते. आधी एक पत्र किंवा फोन पुरतो. परवानगी नसेल तर फाटकाशी पाच मिनिटं उभे राहा, गाइडकडून ती नोंद समजून घ्या आणि पुढे व्हा. वर्गांच्या खिडक्यांतून फोटो काढू नका.

मग मोती चौक, खण आळी आणि राजपथाने कमानी हौदापर्यंत. दुकानं उघडायची ही वेळ असते, फळ्या निघत असतात, रस्त्यावर पाणी मारलं जात असतं. बाजाराचं रूप बघायला याहून चांगला वेळ नाही. कमानी हौदाशी चालणं संपवा. चारभिंतीचा थांबा सोडला तर पायाखाली जेमतेम दोन-तीन किलोमीटर येतात, पण थांबत थांबत तीन तास लागतात. थांबे आठच्या वर नकोत, आणि एका थांब्याला दहा-बारा मिनिटांच्या वर नको. चारभिंत आणि राजवाडा तेवढे सोडून.

वाडा जवळून

वाटेत एक तरी राहता वाडा आतून बघायचा, हे गाइडशी आधी ठरवून ठेवा. दहा वाडे बाहेरून बघण्यापेक्षा एक आतून बघणं मोलाचं. घरमालकांना आदल्या दिवशी निरोप गेलेला असावा. अचानक जाऊन दार वाजवणं बरं दिसत नाही. सकाळी देवपूजा, आंघोळी चालू असतात.

दारात गेल्यावर आधी ओट्यावर थांबा. गाइड हाक मारेल: ‘काकू, पाहुणे आलेत ओ, वाडा बघायचा म्हणतायत. चौकापर्यंतच येतो.’ आतून ‘या की, या’ आलं की चपला काढून आत. चौकापर्यंत म्हटलं तर चौकापर्यंतच. माजघर, देवघर, स्वयंपाकघर कुणी आपणहून दाखवलं तरच.

आत पाऊल टाकलं की लगेच पुढे जाऊ नका, मागे वळा आणि दाराची आतली बाजू बघा. चौकटीच्या एका अंगाला भिंतीत चौकोनी भोक दिसेल. हात घातला तर कोपरापर्यंत जातो. हे अडसराचं घर. दिवसा लाकडी अडसर भिंतीच्या पोटात ढकललेला, रात्री तो ओढून समोरच्या खोबणीत अडकवायचा. दार बाहेरून कितीही रेटलं तरी जोर सगळा भिंतीवर येतो, कडीवर नाही. भिंत एवढी जाड का असायची, याचं एक कारण तिथेच हाताला लागतं. मग मोठ्या दारातला छोटा दिंडी दरवाजा बघा. त्यातून आत येणाऱ्याला मान खाली घालावी लागते आणि एका वेळी एकच माणूस शिरू शकतो.

चौकात आल्यावर खांब मोजा. दोन खांबांमधलं अंतर म्हणजे एक खण. वाड्याचं माप याच खणांत सांगतात, पाच खणी, सात खणी असं. खांब खाली दगडी तळखड्यावर टेकलेला असतो, कारण लाकूड थेट जमिनीत गेलं तर ओल आणि वाळवी दोन्ही लागतात. वर कडीपाटाचं छत दिसलं तर तुळई, कड्या आणि फळ्या कशा एकमेकींवर बसल्यात ते खालून निवांत बघा. पुढे खण आळीत भेटतो तो खण वेगळा, चोळीचा. शब्द एकच, पाहुण्यांना हा फरक गाइडने सांगितलेला आवडतो.

निघताना घरातल्यांच्या हातात पैसे ठेवू नका, त्यांना ते अपमानासारखं वाटू शकतं. पेढ्यांचा पुडा द्या. घरातल्या माणसांचे फोटो विचारल्याशिवाय नकोत, विचारून काढले तर त्यांना पाठवा.

कुठे चुकतं

सगळ्यांत मोठी चूक म्हणजे एकाच सकाळी पेठा, अजिंक्यतारा, संगम माहुली आणि लिंबची बारा मोटांची विहीर, सगळं उरकायचा बेत. मग पेठांना पाऊण तास मिळतो आणि गाडी लावायला जागा शोधण्यात त्यातला निम्मा जातो. स्वतःची गाडी पेठांत आणूच नका.

दुसरी चूक गाइडकडून होते: पहिल्याच थांब्यावर तो चाळीस मिनिटं बोलतो. त्याला आनंदाने बोलू द्या, पण ‘बाकीचं चालता चालता सांगा’ म्हणायला संकोचू नका. तिसरी, देवळांच्या वेळा. दुपारी गाभारे बंद होतात, त्यामुळे देऊळ वाटेच्या सुरुवातीला घ्या. चौथी, अगदी साधी: स्वच्छतागृह. पेठांत सोय सहज मिळत नाही. निघण्याआधी मुक्कामाच्या ठिकाणीच उरकून घ्या, आणि नाश्त्याची जागा निवडताना तिथे सोय आहे ना हे गाइडला विचारून ठेवा. माणशी एक लिटर पाणी पुरतं.

पेढे शेवटी घ्या, आधी घेऊन तीन तास उन्हात फिरवू नका. कंदी पेढ्याचा खवा चांगला भाजलेला असतो, म्हणून तो साध्या पेढ्यापेक्षा जास्त टिकतो. आजचाच माल मागा, गरम असेल तर झाकण उघडं ठेवून निवू द्या. घाम धरला की बुरशी लवकर येते.

दुसरा दिवस हाताशी असेल तर सकाळी अजिंक्यतारा. वरपर्यंत गाडीरस्ता आहे, पण चढून जाणंच बरं. संध्याकाळी संगम माहुली, शहरापासून साधारण पाच किलोमीटर, कृष्णा आणि वेण्णेच्या संगमावर. विश्वेश्वराचं देऊळ, घाट, थोरल्या शाहूंची समाधी आणि त्यांच्या खंड्या कुत्र्याचं स्मारक तिथे आहे. ऊन कलल्यावर, साडेचारच्या सुमारास पोचा. पावसाळ्यात नदी चढली की घाटाच्या खालच्या पायऱ्या पाण्याखाली असतात आणि त्या दिसतही नाहीत, म्हणून वरच्या टप्प्यावरूनच बघा.