दशक-एकक शिकवताना या चुका टाळा

2015 मध्ये ‘प्रगत शैक्षणिक महाराष्ट्र’ कार्यक्रम सुरू झाला, त्या सुमारास सातारा जिल्ह्यातल्या कुमठे बीटच्या (एका विस्तार अधिकाऱ्याकडे असलेल्या शाळांच्या गटाच्या) शाळा पाहायला राज्यभरातून शिक्षक जाऊ लागले. ज्ञानरचनावादी, म्हणजे मुलं स्वतः करून शिकतात असा वर्ग म्हणून अनेक ठिकाणी फरशा रंगल्या, काड्या-मणी-चिंचोके जमले. तरी कितीतरी मुलं आजही 52 − 27 = 35 लिहितात. साहित्य आलं, पण शिकवण्याची जुनी सवय तशीच राहिली, असं माझं मत आहे.

हे 35 नीट पाहा. सातातून दोन गेले पाच, पाचातून दोन गेले तीन. मोठ्यातून लहान वजा करायचं, हा मुलाने स्वतः बनवलेला नियम आहे. इथे फुली मारून हातच्याची रीत फळ्यावर पुन्हा करून दाखवणं ही सगळ्यात मोठी चूक. नियम त्याच्या डोक्यात कायम राहतो. त्याला दहा-दहाचे पाच गठ्ठे आणि दोन सुट्या काड्या द्या, आणि त्याच्याकडे 27 काड्या मागा. दोन गठ्ठे तो लगेच देईल, सात सुट्यांपाशी अडेल. त्या वेळी सुचवू नका, थांबा. बरीच मुलं थोड्या वेळाने आपणहून एका गठ्ठ्याचं रबर काढतात. हातचा समजतो तो तिथे.

मात्र गठ्ठे आयते बांधून दिले असतील तर हे घडत नाही. दहा काड्या मोजून रबर लावण्याचं काम मुलांचंच असू द्या, वेळ गेला तरी चालेल.

काड्यांवरून थेट वहीतल्या अंकांवर उडी मारू नका. मध्ये चित्राची पायरी हवी: गठ्ठ्यासाठी उभी रेघ, सुट्यासाठी टिंब.

‘चारशे पाच’ ऐकून मूल 4005 लिहीत असेल, तर ते ऐकलेलं प्रामाणिकपणे लिहितंय. 400 च्या कार्डावर, शेवटच्या शून्यावर, 5 चं छोटं कार्ड ठेवायला सांगा.

साहित्य महागच हवं, हाही गैरसमज. ताराबाई मोडक आणि अनुताई वाघ यांनी बोर्डी-कोसबाडला शंख-शिंपले, बिया, खडे यांतूनच बालशिक्षण उभं केलं. विकतचा संच मोडेल या भीतीने कपाटात राहत असेल, तर चिंचोके बरे.

आणि ‘समजलं ना?’ विचारू नका. सगळा वर्ग ‘होऽऽ’ म्हणतो. त्याऐवजी 63 − 38 द्या आणि एकेकाला विचारा, ‘कसं केलंस, सांग बरं?’