वारा राखणारा, काळ विणणारा पंडित लिहिताय? या चुका टाळा

माझ्या पहिल्या खर्ड्यात असा एक पंडित होता. वय सातशे, दाढी बेंबीपर्यंत, हातात दंड. चौथ्या प्रकरणात तो वादळ उठवायचा आणि नवव्यात काळ मागे फिरवायचा. भाचीनं पानं वाचली आणि विचारलं, “मामा, याला काळ मागे नेता येतो ना? मग तिसऱ्या प्रकरणात त्याची बायको मेलीच कशी?”

खर्डा कपाटात गेला. नंतर इतरांनी लिहिलेले असे पंडित वाचनात येत गेले आणि दिसलं, की त्याच खड्ड्यात पुष्कळ जण पडलेत.

दोन विद्या देऊन मोकळं होणं

ही सगळ्यात मोठी चूक. दोन विद्या म्हणजे दुप्पट सामर्थ्य, असा हिशेब आपण करतो. जरा थांबून बघा. वारा म्हणजे हवेचं हलणं आणि हलायला वेळ लागतो. काळ थांबवला की वारा पडलाच! म्हणजे या दोन विद्या एकमेकींच्या सवती आहेत. एक वापरली की दुसरी रुसते. तुमच्या पंडिताचं सगळं दुखणं इथंच तयार मिळतं, बाहेरून खलनायक आणायची गरज नाही.

मर्यादाही इथंच सापडते. थांबलेल्या काळात भोवतीची हवा जागची हलणार नाही, मग हा श्वास कुठून घेणार? आधी छातीत भरून घेतलेला एक श्वास पुरेल तेवढाच वेळ त्याला काळ धरून ठेवता येईल. म्हातारा आणि खोकणारा पंडित मग एकदम खरा वाटायला लागतो.

‘विणणं’ हा शब्द नुसता सजावटीला

काळ ‘विणतो’ म्हणायचं आणि प्रत्यक्षात बोटांतून निळा प्रकाश सोडायचा, हे मी स्वतः केलंय. एकदा हातमागाजवळ तासभर बसून या. उभे धागे म्हणजे ताणा. तो आधी पूर्ण ताणून बसवावा लागतो, त्यानंतर धोटा इकडून तिकडे जातो आणि आडवा बाणा भरत जातो. दर फेरीला फणी ठोकायची. विणून झालेलं कापड पुढे गुंडाळलं जातं. मधला एक आडवा धागा चुकला, तर वरचे सगळे उसवत तिथपर्यंत मागे यावं लागतं. ताण्यातला धागा तुटला तर गाठ मारता येते, पण ती बोटाला लागते.

यातून नियम आपोआप निघतात. ताणा म्हणजे जे ठरून गेलंय ते, बाणा म्हणजे माणसं करतात ते. काल बदलायचा तर आजपर्यंतचं सगळं उसवा. एकट्या धाग्यापुरता काळ थांबवता येत नाही, कारण धोटा थांबला की अख्खं कापड थांबतं. आणि जिथं त्यानं गाठ मारली, तिथं गावातल्या कुणाला तरी ती खुपली पाहिजे.

ही कल्पना उसनी आणायचीही गरज नाही. महाभारताच्या आदिपर्वात उत्तंक नावाचा शिष्य तक्षक नागानं पळवलेली कुंडलं शोधत नागलोकात उतरतो. तिथं दोन स्त्रिया काळ्या-पांढऱ्या धाग्यांचं वस्त्र विणत असतात आणि बारा आऱ्यांचं चाक सहा मुलं फिरवत असतात. शेजारी एक पुरुष आणि एक घोडा. पुरुषाच्या सांगण्यावरून उत्तंक घोड्याच्या मागून फुंकर मारतो (हो, मागूनच!), तेव्हा घोड्याच्या अंगातून धूर आणि ज्वाळा निघतात आणि तक्षक घाबरून कुंडलं आणून देतो. परत आल्यावर गुरू उलगडा करतात: त्या स्त्रिया म्हणजे धाता आणि विधाता, धागे म्हणजे दिवस आणि रात्र, मुलं म्हणजे सहा ऋतू, चाक म्हणजे संवत्सर. काळाचा माग आणि फुंकर एकाच प्रसंगात! आणि उत्तंक त्या मागाला हातही लावत नाही. आपले पंडित मात्र पहिल्याच पानावर धोटा हिसकावून घेतात.

वाऱ्याचं अज्ञान

‘पश्चिमेचा वारा पश्चिमेकडे वाहत होता’ हे वाक्य मी छापील पाहिलंय. वाऱ्याला नाव तो जिकडून येतो त्या दिशेचं असतं. नैऋत्य मोसमी वारे नैऋत्येकडून येतात. वाऱ्याचा पंडित यात चुकला तर संपलंच.

दुसरं म्हणजे सगळा वारा सोसाट्याचाच नको. झुळूक आहे, वावटळ आहे. किनाऱ्यावर दिवसा समुद्राकडून खारे वारे, रात्री जमिनीकडून मतलई आणि त्या दोहोंच्या मध्ये हवा पडलेली. शिडाच्या होड्या मतलईवर बाहेर पडायच्या आणि दुपारच्या खाऱ्या वाऱ्यावर परतायच्या. खरा जाणकार वाऱ्याशी झगडत बसत नाही, त्याची वाट बघतो.

जोर दाखवायचा तर ब्रिटिश नौदलातल्या फ्रान्सिस ब्यूफर्टची युक्ती घ्या. एकोणिसाव्या शतकाच्या सुरुवातीला त्यानं वाऱ्याच्या 0 ते 12 पायऱ्या मांडल्या, त्याही शिडांवर काय परिणाम होतो ते पाहून. आज जमिनीसाठी जी वर्णनं वापरतात त्यांत सहाव्या पायरीला छत्री सांभाळणं कठीण होतं आणि आठव्या पायरीला डहाळ्या मोडतात. एवढंच लिहा, ‘भयंकर वारा’ लिहू नका. आणि वेग दुप्पट झाला की रेटा चौपट होतो, तेव्हा पंडिताचं उपरणं खांद्यावर राहणार नाही.

किरकोळ, पण टोचणाऱ्या गोष्टी

पाण्यात घटिकापात्र तरंगतंय अशा जगात ‘दोन मिनिटांनी’ नको. घटिका 24 मिनिटांची, तिची 60 पळं, म्हणजे पळ 24 सेकंदांचं. उच्चारताना जीभ अडखळेल असं नाव ठेवू नका, वाचक ते तिसऱ्या पानापासून गाळूनच वाचतो. आणि ‘थोर’, ‘महान’ हे निवेदकानं म्हणायचं नाही. दंतकथा लोकांच्या तोंडी असते, आणि ती दर गावात वेगळी असते. त्यानं ओढून आणलेला वारा दुसऱ्या कुणाच्या तरी शिडातून निघालेला असतो. त्या गावचे कोळी त्याच्याबद्दल काय बोलत असतील, ते आधी लिहा.

कपाटातला खर्डा मी असाच बाहेर काढला. आता बायको जाते ती सांजवेळी. खारा वारा पडलेला, मतलई अजून सुटायचा, आणि वैद्याची होडी खाडीत अडकलेली. म्हातारा श्वास कोंडून काळ धरतो, तर होडीही जागच्या जागी थांबते. वारा बोलवायचा तर काळ सोडावा लागणार, आणि तिच्यापाशी तेवढा वेळ नाही.

भाचीनं पानं परत दिली. या वेळी प्रश्न नव्हता. एका ठिकाणी माझ्या हातून ‘होडि’ झालं होतं, तेवढं तिनं लाल पेनानं दुरुस्त केलं होतं.