पुरातत्त्वात येताय? मग हालेत चाम्बेल या बाईंची ओळख करून घ्या

पुरातत्त्वाला प्रवेश घेतलेल्या बहुतेकांच्या डोक्यात ट्रेंच (खणायचा आखीव खड्डा), टोपी, ट्रॉवेल (माती खरवडायची छोटी थापी) आणि मातीतून वर येणारी मूर्ती एवढंच असतं. पहिल्या उत्खननावर मात्र हातात येतो जुना टूथब्रश आणि खापरांनी भरलेलं घमेलं. खापरं धुवायची, सावलीत वाळत घालायची, मग प्रत्येकाच्या आतल्या अंगाला बारीक अक्षरात स्थळ, ट्रेंच आणि थर लिहायचा. दुपारपर्यंत बोटं सुरकुततात. यात ज्यांचा जीव रमतो ते टिकतात. बाकीचे हंगाम संपला की स्पर्धा परीक्षेच्या क्लासला नाव घालतात, आणि त्यात काही वाईट नाही.

मला कुणी विचारलं की या क्षेत्रात करिअर म्हणजे नक्की काय, तर मी तुर्कस्तानच्या पुरातत्त्वज्ञ हालेत चाम्बेल यांचं उदाहरण देते. बाईंबद्दल सगळीकडे एकच किस्सा सांगतात: १९३६च्या बर्लिन ऑलिंपिकमध्ये त्या तलवारबाजीत उतरल्या आणि हिटलरला भेटायला त्यांनी चक्क नकार दिला. किस्सा खरा आहे, झकास आहे, पण त्यात पुरातत्त्व शून्य. आपल्या कामाचं ते कारातेपेला घडलं.

दक्षिण तुर्कस्तानात, तोरोस डोंगरांच्या पायथ्याशी, जेहान नदीच्या काठावर हे ठिकाण आहे. इ.स.पू. आठव्या शतकात आझातिवादा नावाच्या सत्ताधीशाने इथे गढी बांधली. १९४६मध्ये हेल्मुथ बोसर्ट हे जर्मन अभ्यासक एका स्थानिक शिक्षकाच्या मदतीने तिथे पोचले. चाम्बेल त्यांच्या सहकारी. रस्ता धड नव्हता, घोड्यावरून जावं लागे. गढीच्या दरवाजांपाशी एकच मजकूर फिनिशियन आणि चित्रलिपीतल्या लुवियन अशा दोन प्राचीन भाषांत कोरलेला सापडला. फिनिशियन वाचता येत होतीच, त्यामुळे लुवियनच्या वाचनाबद्दलचे आधीचे कितीतरी तर्क पडताळता आले.

एवढ्यावर मोठा शोध लागला म्हणून लोक टाळ्या वाजवतात. बाईंचं काम इथून पुढे सुरू झालं. बेसाल्टच्या कोरीव शिळांचे तुकडे झाले होते. ते एकमेकांशी जुळवत बसायचं, वर्षानुवर्षं. एका शिळेवर राजा जेवायला बसलाय, सेवक ताटं आणताहेत, वादक वाजवताहेत आणि टेबलाखाली माकड. पण हे आज आपल्याला दिसतं ते कुणीतरी तुकड्याला तुकडा लावून पाहिला म्हणून. सरकारला हे सगळं उचलून संग्रहालयात न्यायचं होतं. बाई अडून बसल्या: शिळा जागेवरच राहतील. त्यावर छपरं उभी राहिली, तुर्गुत जान्सेवेर या वास्तुरचनाकाराच्या आराखड्यावरून. बांधकाम बघितलं बाईंचे पती नाईल चाकिरहान यांनी. हा माणूस मूळचा कवी! वास्तुकलेचं शिक्षण नाही, पण पुढे १९८३मध्ये त्यांना आगा खान वास्तुकला पुरस्कार मिळाला. धरणाचं पाणी परिसरातल्या अवशेषांवर चढणार म्हटल्यावर पातळी कमी करून घेण्यासाठीही बाई भांडल्या.

कारातेपेच्या लेखांचा संपूर्ण ग्रंथ आला १९९९मध्ये, बाईंची ऐंशी उलटल्यावर. त्यांच्याबद्दल कितीही आदर असला तरी हे अनुकरण करू नका. खणणं सोपं, छापणं अवघड. हंगाम संपला की निदान प्राथमिक अहवाल लिहून मोकळं व्हायचं. आपल्याकडेही खणलेलं बरंच काही पेट्यांत पडून आहे.

बाई एका जागी अडकल्या नाहीत, हेही बघा. १९६०च्या दशकात त्यांनी शिकागोच्या रॉबर्ट ब्रेडवूड यांच्याबरोबर दियारबाकिरजवळ चायोन्यूचं काम काढलं. तिथे लेख नाहीत, राजे नाहीत. प्रश्न हा की माणूस शेती कधी करू लागला, जनावरं कधी पाळू लागला. तांबं ठोकून केलेल्या वस्तूही तिथे मिळाल्या. अशा कामाला जळके दाणे आणि हाडं ओळखणारी माणसं लागतात. विज्ञान शाखेतून आला असाल तर बिचकू नका, तुमची गरज जास्त आहे.

उन्हात उभं राहणं जमत नसेल त्यांनी मुअज्जेझ चिग यांचं आयुष्य पाहावं. इस्तंबूलच्या संग्रहालयात प्राचीन सुमेरियन भाषेतले लेख असलेल्या मातीच्या पाट्यांवर त्यांनी तीन दशकं काढली. २०२४मध्ये गेल्या, वय ११०.

आता पैशाचं. चाम्बेल यांचे आजोबा उस्मानी साम्राज्याचे वजीर-ए-आझम म्हणजे पंतप्रधान होते, वडील आधुनिक तुर्कस्तानचे संस्थापक अतातुर्क यांच्या जवळचे. पोटापाण्याची चिंता त्यांना नव्हती. आपल्याकडे प्रकल्पावरच्या नोकऱ्या असतात, प्रकल्प संपला की नोकरीही. घरच्यांना हे आधीच सांगून ठेवा.

आणि भाषा. बाईंचा जन्म बर्लिनचा, शिक्षण पॅरिसचं; जर्मन-फ्रेंच त्यांना सहज येत होत्या. आनातोलियावर, म्हणजे तुर्कस्तानच्या आशियातल्या भागावर, काम करायचं तर नुसत्या इंग्रजीवर भागत नाही, जुने अहवाल बरेच जर्मनमध्ये आहेत. एम.ए.च्या पहिल्या वर्षातच क्लास लावा, पीएच.डी.ची वाट बघू नका.

तुर्कस्तानातल्या उत्खननावर जायचं असेल तर प्रमुखांना उन्हाळ्यासाठीचं पत्र हिवाळ्यातच पाठवा. परदेशी सदस्यांची नावं बरीच आधी तिथल्या मंत्रालयाकडे जातात. पत्रात 'मला प्राचीन संस्कृतींची आवड आहे' असं लिहू नका, ती सगळ्यांनाच असते. खापरांची रेखाटनं येतात का, टोटल स्टेशन (मोजणीचं इलेक्ट्रॉनिक यंत्र) चालवता का, ते लिहा.