चौथ्या महिन्यातला केआय
पुण्यात बसून अमेरिकेतल्या मेडिकेअरचे, म्हणजे तिथल्या सरकारी आरोग्य विम्याचे क्लेम करते. परवा सीपॅपच्या, म्हणजे झोपेत श्वास अडणाऱ्यांना हवा देणाऱ्या मशीनच्या भाड्याचा एक क्लेम परत आला. कारण सीओ-४, म्हणजे मॉडिफायर (कोडला जोडायची दोन अक्षरं) कोडशी जुळत नाही. मशीनचा कोड ई०६०१ बरोबर, भाड्याचा आरआर होता, केएक्सही होता. अर्धी रात्रपाळी त्यातच गेली. मग दिसलं, मागचा क्लेम कॉपी करून नुसती तारीख बदलली होती! भाड्याचा कितवा महिना, हे सांगणारा मॉडिफायर बदलत जातो: पहिल्या महिन्याला केएच, दुसऱ्या-तिसऱ्याला केआय, चौथ्यापासून तेराव्यापर्यंत केजे. हा चौथा, आणि केआय तसाच बसलेला.

केजे टाकून पाठवणार, तेवढ्यात केएक्सवर थबकले. तो म्हणजे ‘अटी पूर्ण, कागद फाइलला आहेत’ असं आपण लिहून देणं. सवयीने चिकटवायचं शेपूट नव्हे. सीपॅपला चौथ्या महिन्यापासून अट बदलते: सलग ३० दिवसांत ७० टक्के रात्री किमान ४ तास वापर, शिवाय ३१व्या ते ९१व्या दिवसादरम्यान डॉक्टरांची फेरतपासणी. मशीनचा रिपोर्ट उघडला: २३ रात्री. तपासणीची नोंद मात्र गायब. ती मागवली, ७४व्या दिवसाची निघाली, तेव्हाच क्लेम पुन्हा पाठवला. पास झाला. आता एक्सेलमध्ये पहिल्या भाड्याची तारीख टाकते, महिना तोच मोजतो.