सायकल लेन, सायकल ट्रॅक आणि चौक : कोण कुठून जातो, कोण कोणासाठी थांबतो

रस्त्यावर रेघ मारून आखलेली सायकल लेन आणि रस्त्यापासून वेगळा काढलेला सायकल ट्रॅक यांचे नियम एकसारखे नसतात. लेन हा मूळ रस्त्याचाच भाग असतो, गाडी आणि सायकल यांच्यामध्ये फक्त रंग असतो. ट्रॅक मात्र उंचवटा, कठडा, झाडे किंवा उभ्या गाड्यांची रांग मध्ये ठेवून वेगळा केलेला असतो. पण लेन असो वा ट्रॅक, गाड्यांपासून संरक्षण मिळते ते दोन चौकांच्या मधल्या अंतरातच. चौकात, गल्लीच्या तोंडाशी आणि बसथांब्यापाशी सगळे पुन्हा एकत्र येतात, आणि बहुतेक घोटाळेही तिथेच होतात. म्हणून सरळ रस्त्याचे नियम लवकर उरकून चौकावर जास्त वेळ घालवू.

एक सोय करून घेऊ. काही देशांत वाहतूक डावीकडून चालते, काहींत उजवीकडून. त्यामुळे रस्ता न ओलांडता कडेकडेने घेता येते ते ‘जवळचे वळण’ आणि समोरची वाहतूक ओलांडून घ्यावे लागते ते ‘लांबचे वळण’ असे म्हणू. डावीकडून चालणाऱ्यांसाठी डावे वळण जवळचे, उजवीकडून चालणाऱ्यांसाठी उजवे.

आधी पाटी

निळ्या गोलात पांढरी सायकल ही रस्त्यावरच्या खुणांबद्दलच्या १९६८च्या आंतरराष्ट्रीय व्हिएन्ना कराराची खूण आहे आणि ती बऱ्याच देशांत भेटते. बऱ्याच युरोपीय देशांत तिचा अर्थ ‘इथून जाता येईल’ असा नसून ‘सायकलने इथूनच जायचे’ असा आहे. जर्मनीत ही सक्ती पाटीवरच अवलंबून आहे. कडेला लाल फरसबंदीचा सुंदर ट्रॅक आहे, पण निळी गोल पाटी नाही, तर मुख्य रस्त्यावरून सायकल नेण्याची मुभा आहे. फ्रान्समध्ये पाटीचा आकार बघायचा : गोल असेल तर सक्ती, चौकोनी असेल तर ऐच्छिक. नेदरलँड्समध्ये निळी गोल पाटी सक्तीची आणि अक्षरांत लिहिलेली आयताकृती पाटी ऐच्छिक. ब्रिटन याला अपवाद आहे. तिथे पाटी गोल असली तरी ट्रॅक वापरायची सक्ती नाही.

लाल कड्याच्या पांढऱ्या गोलात काळी सायकल दिसली आणि तिच्यावर तिरकी रेघ नसली, तर ‘सायकलला परवानगी’ असा अर्थ लावू नका. लाल कडे म्हणजे मनाई. अनेक देशांत रेघ मारतच नाहीत.

निळ्या पाटीवर पादचारी आणि सायकल दोन्ही असतील तर मधली रेघ पाहा. उभी रेघ असेल तर दोघांच्या बाजू वेगळ्या, आपापल्या बाजूने जायचे. चित्रे एकावर एक असतील तर मार्ग सामाईक. तिथे सायकलने पादचाऱ्याच्या चालीशी जुळवून घ्यायचे, गरज पडली तर थांबायचेही. घंटी वाजवली म्हणून पादचाऱ्याने बाजूला व्हायलाच हवे असे नाही.

सक्तीचा ट्रॅक खरोखरच वापरण्याजोगा नसेल (खोदकाम, साचलेला बर्फ, आडवी लावलेली गाडी) तर तेवढ्यापुरते रस्त्यावर येता येते. मात्र रस्त्यावर उतरताना अग्रक्रम तुमचा नसतो. वीसेक मीटर आधी मागे वळून पाहा, हात दाखवा, मोकळी जागा मिळाली तरच उतरा. अडथळ्याला अगदी टेकेपर्यंत जाऊन ऐनवेळी बाहेर पडणे सर्वांत धोक्याचे, कारण मागच्या गाडीला ब्रेक दाबायला अंतरच उरत नाही.

मग रेघ

लेनची रेघ अखंड आहे की तुटक, यावर गाडीवाल्याचा हक्क ठरतो. अखंड रेघ ओलांडून चालत्या गाडीने लेनमध्ये यायचे नाही. ब्रिटन, नेदरलँड्स, जर्मनी तिघांकडेही मूळ तत्त्व हेच आहे, फक्त ब्रिटनमध्ये लेनच्या वेळा पाटीवर दिलेल्या असू शकतात आणि त्या वेळेपुरताच नियम लागू होतो. तुटक रेघ असेल तर गाडीला गरजेपुरते आत येता येते, उदाहरणार्थ समोरून रुंद ट्रक आल्यावर, पण सायकलस्वाराला धोका किंवा अडथळा न करता. जर्मनीत अशा तुटक रेघेच्या पट्ट्यावर २०२० पासून गाडी क्षणभर थांबवण्यासही बंदी आहे. ‘दोन मिनिटांत सामान उतरवून निघतो’ ही सबब तिथे चालत नाही.

लेनला लागून गाड्या उभ्या असतील तर लेनच्या मधोमध चालणेही पुरत नाही. मोटारीचा दरवाजा पूर्ण उघडला की साधारण एक मीटर बाहेर येतो. हँडलचे टोक उभ्या गाडीपासून किमान एक मीटर दूर राहील असे चाला, मग लेनच्या बाहेरच्या रेघेवरून जावे लागले तरी हरकत नाही. ज्या लेनमध्ये हे अंतर मिळतच नाही, ती आखणाऱ्याने चुकीची आखली आहे. तिच्या आत राहण्यासाठी जीव धोक्यात घालू नये. ब्रिटनच्या हायवे कोडमध्ये (तिथल्या रस्ता-नियमांच्या पुस्तिकेत) २०२२ पासून गाडीवाल्यांना दरवाजापासून लांबच्या हाताने दरवाजा उघडायला सांगितले आहे. लांबचा हात पुढे नेताना खांदा आणि मान आपोआप मागे वळते आणि येणारी सायकल दिसते. युक्ती साधी आहे, पण काम करते.

पावसात रंगाचे जाड पट्टे डांबरापेक्षा निसरडे होतात. त्यांच्यावर ब्रेक दाबू नका आणि सायकल कलती करू नका. लेन ट्रामच्या रुळांना छेदत असेल तर रूळ शक्य तितके काटकोनात, निदान ६० अंशांहून जास्त कोनात ओलांडा. तिरके गेलात तर चाक खाचेत अडकते आणि हँडल हातातून निसटते.

ट्रॅकवर

जाण्याची दिशा पाटी ठरवते. दोन्ही दिशांना परवानगी असल्याचे लिहिलेले नसेल तर ट्रॅक एकेरी समजा. उलट्या दिशेने येणारा सायकलस्वार समोरच्याला गैरसोयीचा असतोच, पण गल्लीतून बाहेर पडणारा मोटारचालक तर त्या बाजूला बघतच नाही, कारण गाड्या येतात ती बाजू दुसरी असते.

ट्रॅकवर कडेच्या बाजूने चाला आणि ओव्हरटेक आतल्या, मोकळ्या बाजूने करा. आधी मागे नजर, मग एक हलकी घंटी, मग पुढे. दोघांनी शेजारी शेजारी चालायला नेदरलँड्स आणि जर्मनीत परवानगी आहे, मात्र जर्मनीत इतरांना अडथळा होत नसेल तरच. थांबायचे असेल तर ट्रॅकच्या मधोमध थांबू नका. डेन्मार्कमध्ये थांबण्याआधी हात वर करून मागच्याला सूचना देतात. गर्दीच्या ट्रॅकवर ही सवय कुठेही उपयोगी पडेल.

वेगाचा अंदाज असू द्या. ताशी १८ किलोमीटर म्हणजे सेकंदाला ५ मीटर. धोका दिसून हात ब्रेकवर जाईपर्यंत एक सेकंद गेला तर ५ मीटर गेलेच, वर कोरड्या रस्त्यावर चांगल्या ब्रेकने थांबायला आणखी ३ ते ४ मीटर. ताशी २५ किलोमीटरला हेच एकूण अंतर १३ मीटरच्या आसपास जाते. ओल्यात त्याहून जास्त. गल्लीचे तोंड भिंतीआड असेल तर या हिशेबाने आधीच वेग कमी करावा लागतो.

चौक

सर्वांत घातक प्रसंग असा : सायकलस्वार लेनमधून सरळ चालला आहे आणि त्याच्या शेजारची गाडी जवळचे वळण घेऊन त्याच्या समोरून आत शिरते. नियम अगदी स्पष्ट आहे. १९६८च्याच, पण रस्ता-वाहतुकीबद्दलच्या दुसऱ्या व्हिएन्ना कराराच्या १६व्या कलमानुसार वळणाऱ्या चालकाने, तो ज्या रस्त्यात शिरणार आहे तो रस्ता ओलांडणाऱ्या सायकल ट्रॅकवरच्या सायकलींना आधी जाऊ द्यायचे असते. ब्रिटनने २०२२ मध्ये हीच गोष्ट सरळ जाणाऱ्या सायकलींबाबत हायवे कोडमध्ये लिहून काढली. जर्मनीत ३.५ टनांहून जड ट्रकला वस्तीच्या हद्दीत उजवे वळण, म्हणजे तिथले जवळचे वळण, घेताना सायकली किंवा पादचारी येण्याची शक्यता असली की माणसाच्या चालीनेच वळावे लागते.

पण हक्क असला तरी ट्रक थांबेलच असे नाही. लांब गाडीची मागची चाके पुढच्या चाकांपेक्षा बरीच आतून जातात. पुढचा भाग चौकात सरळ गेलेला दिसतो आणि त्याच वेळी मागचा भाग लेन चाटून येतो. म्हणून चौकात उभ्या ट्रकच्या कडेने लेन मोकळी दिसली तरी त्याच्या शेजारी जाऊन थांबू नका, मागेच राहा. तुम्हाला ट्रकच्या आरशात चालकाचा चेहरा दिसत नसेल तर त्यालाही तुम्ही दिसत नाही. सायकलींसाठी पुढे आखलेली थांबण्याची चौकट असेल आणि तिथे आधीच पोहोचला असाल तर ट्रकच्या नाकाशी टेकू नका. उंच केबिनच्या अगदी पुढचा भागही चालकाला दिसत नाही. दोनतीन मीटर पुढे, त्याच्या नजरेच्या टप्प्यात उभे राहा.

लांबचे वळण लेनमधून दोन टप्प्यांत घेता येते. डेन्मार्कमध्ये सायकलला असेच वळायची सक्ती आहे, इतरत्र बहुधा ऐच्छिक. पद्धत अशी :

१. लेनमधूनच, सरळ जाणाऱ्यांच्या हिरव्या सिग्नलवर, आडवा रस्ता ओलांडा.

२. पलीकडच्या कोपऱ्यावर पोहोचण्याआधी हात वर करून थांबत असल्याची खूण करा. ही पायरी गाळली की मागची सायकल तुमच्यावर आदळते.

३. कोपऱ्यावर आखलेल्या चौकटीत थांबा. चौकट नसेल तर झेब्रा मोकळा ठेवून आणि सरळ येणाऱ्यांच्या वाटेतून बाजूला होऊन उभे राहा.

४. सायकल नव्या दिशेला वळवा.

५. त्या दिशेचा सिग्नल हिरवा झाला की निघा. आधीच्या दिशेचा सिग्नल आता तुमच्यासाठी नाही.

सिग्नलमध्ये एक गफलत नेहमी होते. दिव्यावर सायकलचे चित्र असेल तर तोच पाळायचा. नसेल तर जर्मनीत मोटारींचा दिवा पाळावा लागतो, नुसता पादचाऱ्याचा नव्हे. लाल दिव्यावर जवळचे वळण घेण्याची सवलत युरोपात बहुधा पाटी असेल तिथेच मिळते. त्यातही फरक आहे. जर्मनीत सायकलचा हिरवा बाण असला तरी आधी पूर्ण थांबून मग वळायचे. फ्रान्समध्ये त्रिकोणी पाटी असेल तिथे न थांबता जाता येते, पण पादचारी आणि आडव्या वाहतुकीला आधी जाऊ द्यावे लागते.

सिग्नल नसलेल्या छेदावर जमिनीकडे पाहा. नेदरलँड्समध्ये रस्त्यावर पांढरे त्रिकोण ओळीने रंगवलेले असतात, त्यांची टोके ज्याच्याकडे असतील त्याने थांबायचे. ते ट्रॅकवर असतील तर थांबणारे तुम्ही. काहीच खूण नसेल तर तिथे उजवीकडून येणाऱ्याला अग्रक्रम, आणि २००१ पासून त्यात सायकलस्वारही येतात. म्हणजे उजवीकडच्या गल्लीतून सायकल आली तर मोटारीने थांबायचे.

झेब्रा क्रॉसिंग हे पादचाऱ्याचे आहे. जर्मनीत झेब्र्यावरून सायकल चालवत गेलात तर पादचाऱ्याचा अग्रक्रम मिळत नाही. उतरून, सायकल हातात धरून गेलात तर मिळतो. फुटपाथवरून वेगाने येऊन तसेच झेब्र्यावर उतरणे तर कुठेच करू नये.

बसथांबा

बसचे दार थेट ट्रॅकवर उघडत असेल तर उतरणाऱ्यांना आधी जाऊ द्यायचे. डेन्मार्कचा नियम यात उपयोगी आहे : थांब्याला स्वतंत्र बेट (ट्रॅक आणि रस्ता यांच्यामधली प्रवाशांची उभे राहण्याची जागा) नसेल तर सायकलने थांबायचे, बेट असेल तर प्रवाशांनी सायकलींना जाऊ द्यायचे. बेट असले तरी वेग कमी करा. बस पकडायला धावणारा माणूस डावीउजवीकडे बघत नाही.

गाडी चालवत असाल तर

लेन किंवा ट्रॅकमध्ये गाडी उभी करू नका. भारतातही १९८९च्या रस्ता-नियमांत गणवेशातल्या पोलिसाच्या परवानगीशिवाय फुटपाथ वा सायकल ट्रॅकवरून गाडी नेण्यास मनाई होती. लेनमधल्या सायकलला ओव्हरटेक करताना ‘ती तिच्या पट्ट्यात, मी माझ्या’ असे म्हणून चिकटून जाऊ नका. जर्मनीत रस्त्यावरच्या सायकलला ओव्हरटेक करताना वस्तीत किमान दीड मीटर आणि वस्तीबाहेर दोन मीटर अंतर ठेवावे लागते. वळण्याआधी बाजूचा आरसा बघा, मग मान वळवून खांद्यावरून बघा आणि मगच स्टिअरिंग फिरवा. आरशात न मावणारी सायकल या दुसऱ्या नजरेतच सापडते.

इ-सायकल आणि दिवे

युरोपीय संघात २५० वॅटपर्यंतची मोटर, फक्त पॅडल मारताना मदत आणि ताशी २५ किलोमीटरला ती मदत बंद, एवढे जुळले तर ती साधी सायकल मानली जाते आणि ट्रॅकवर चालते. ताशी ४५ किलोमीटरपर्यंत जाणाऱ्या वेगवान प्रकाराला मोपेडचे नियम लागतात. जर्मनीत तिला सहसा सायकल ट्रॅकवर जागा नाही.

पुढे पांढरा किंवा पिवळा दिवा, मागे लाल दिवा आणि लाल परावर्तक, चालू स्थितीतला ब्रेक आणि घंटी ही वाहतुकीच्या व्हिएन्ना कराराची किमान यादी. नेदरलँड्समध्ये लुकलुकणारे दिवे चालत नाहीत, स्थिर हवेत. पुढचा दिवा किंचित खाली झुकवून बसवा. दुहेरी ट्रॅकवर समोरच्याच्या डोळ्यांत गेलेला झोत त्याला दोनतीन सेकंद आंधळे करतो, आणि ताशी १८ किलोमीटरने तेवढ्या वेळात तो १० ते १५ मीटर न बघता पुढे आलेला असतो.